वाटाड्या

१८ जून १८१५ च्या सकाळी बेल्जियममधल्या एका खेडुताला नेपोलियनच्या माणसांनी पकडून बादशहापुढे उभं केलं. झाँ-बाप्तिस्त डी कोस्टर त्याचं नाव. ब्रुसेल्सहून शार्लरॉयकडे जाणाऱ्या हमरस्त्यालगत त्याची लहानशी खानावळ होती आणि आजूबाजूची शेतं, बांध, गाडीवाटा त्याच्या पायाखालच्या होत्या. बादशहाला तेच हवं होतं. समोर दिसतं ते घर कुणाचं, त्या झाडीमागे काय, ही वाट कुठे निघते, असल्या प्रश्नांची उत्तरं नकाशा देत नाही. डी कोस्टरला घोड्यावर बसवलं आणि पळून जाऊ नये म्हणून त्याचं खोगीर एका स्वाराच्या खोगिराला बांधलं. गोळ्या सणाणत आल्या की तो मान खाली घालायचा. तेव्हा बादशहा म्हणाला, गोळी लागायची तर पाठीतही लागेल. असं तो पुढे सांगत असे. दिवस मावळला, बादशहा वॉटर्लूची लढाई हरला आणि पळणाऱ्या फौजेसोबत त्यालाही रात्रभर चालवत नेलं. या सगळ्याचा मोबदला म्हणून त्याच्या हातावर वीस फ्रँकचं एक नाणं ठेवण्यात आलं.

मराठीत अशा माणसाला वाटाड्या म्हणतात. आपल्याकडच्या स्वाऱ्यांमध्येही मुलूख अनोळखी असला की गावातून वाटाडे धरले जात, आणि वाट चुकली तर पहिली गर्दन त्यांचीच. डी कोस्टरची गर्दन वाचली. पुढच्या काही आठवड्यांतच वॉटर्लूच्या मैदानावर दुसऱ्याच प्रकारची माणसं येऊ लागली. त्यांच्या हाती तलवार नव्हती, टिपणवही होती, आणि प्रश्न मात्र बादशहाचेच: ते घर कुणाचं, त्या झाडीमागे काय घडलं? बादशहासोबत दिवसभर फिरलेल्या माणसाला आता रोज गिऱ्हाईक मिळू लागलं. लढाईच्या जागा पैसे घेऊन दाखवण्याचा जो धंदा आज जगभर चालतो, त्याची एक ठळक सुरुवात इथे दिसते.

ऑगस्ट १८१५ मध्ये वॉल्टर स्कॉट तिथे पोचला. कादंबरीकार म्हणून युरोपभर गाजणं अजून पुढे होतं, पण कवी म्हणून त्याचं नाव मोठं होतं. त्याने डी कोस्टरला गाठलं, बादशहा कुठे उभा होता, काय म्हणाला, चेहरा कसा होता, हे खोदून खोदून विचारलं आणि प्रवासपत्रांच्या पुस्तकात सगळं घातलं. त्याच वर्षी कवी रॉबर्ट सौदी येऊन गेला. पुढच्या वर्षी बायरन, त्याच्या पुढच्या वर्षी चित्रकार टर्नर. इंग्लंडच्या सुशिक्षित घरांत वॉटर्लू पाहून येणं हा युरोपच्या प्रवासातला ठरलेला मुक्काम झाला. १८५५ मध्ये सहली काढणाऱ्या टॉमस कुकने आपल्या प्रवाशांची टोळी पहिल्यांदा युरोपात नेली, तेव्हा त्या वाटेवरही वॉटर्लू होतंच.

डी कोस्टरच्या हकिगतीवर लोकांनी शंका घेतल्या. तो दिवसभर कुठेतरी लपून बसला होता, असंही बोललं गेलं. खरं-खोटं आज ठरवणं कठीण आहे, पण या धंद्याचा पेच त्यात पहिल्याच वाटाड्यापासून दिसतो. ऐकणारा पैसे मोजतो तो 'मी तिथे होतो' या तीन शब्दांसाठी, आणि तेच तपासण्याचं साधन त्याच्याकडे नसतं. व्हिक्टर ह्यूगोने तर हा वाटाड्या थेट कादंबरीत नेला. १८६१ मध्ये तो माँ-सँ-झाँ इथल्या हॉटेलात मुक्काम ठोकून 'ले मिझराब्ल' पुरी करत होता. त्याच्या कादंबरीत बादशहा वाटाड्याला हळूच काही विचारतो, वाटाड्या मान हलवून नाही म्हणतो, आणि त्या नकारामुळे फ्रेंच घोडदळ एका खोल वाटेत कोसळून गाडलं जातं. इतिहासकार ही घटना मानत नाहीत. पण साम्राज्याचं भवितव्य एका खेडुताच्या मान हलवण्यावर टांगावं, हे ह्यूगोला सुचलं ते त्या रानात फिरल्यावरच.

आजही ब्रुसेल्समध्ये उतरलेल्या प्रवाशाला ही सहल एका दिवसात करता येते. सकाळी हॉटेलच्या दारात गाडी येते, अर्ध्या-पाऊण तासात वॉटर्लू गाव येतं. लढाई या गावात झालीच नाही. ती झाली दक्षिणेला काही किलोमीटरवर. नेपोलियनविरुद्ध उभा असलेला सेनापती वेलिंग्टन याचा मुक्काम या गावातल्या सरायीत होता, विजयाचा खलिता त्याने इथे लिहायला घेतला, म्हणून लढाईला हे नाव चिकटलं. ती सराय आता संग्रहालय आहे. तिथून पुढे माँ-सँ-झाँ, मग उगुमाँचा वाडा, ला ए सँतचं शेतघर, ला बेल अलियान्स, वेलिंग्टनच्या मदतीला आलेलं प्रशियन सैन्य जिथे घुसलं ते प्लाँसनुआ, आणि नेपोलियनने आदली रात्र काढली ते ल कायूचं घर. सगळं मैदान काही चौरस किलोमीटरचं. एवढ्याशा जागेत त्या एका दिवसात पंचेचाळीस ते पन्नास हजार माणसं मेली किंवा जखमी झाली.

आणि पाहायला गेलं तर दिसतं काय? शेतं. गहू, बटाटा, बीट. एखादा ट्रॅक्टर. एकटा आलेला प्रवासी दहा मिनिटांत कंटाळतो आणि स्मारकाकडे, सिंहाच्या टेकडीकडे, वळतो.

चांगला वाटाड्या इथे एक साधी गोष्ट करतो. तो पाहुण्याला आधी ला बेल अलियान्सपाशी, म्हणजे फ्रेंचांच्या बाजूला उभं करतो आणि समोर पाहायला सांगतो. समोर एक बुटकी, सौम्य चढण दिसते, तिच्यावर आभाळ. मग तो दरीतून चालवत पलीकडे नेतो. चढण संपते तिथे जमीन मागे पुन्हा हळूच उतरते, आणि त्या मागच्या उतारावर हजारो माणसं बसतील अशी जागा असते. वेलिंग्टनची फौज तिथे होती. तोफांच्या माऱ्यात त्याने आपल्या पलटणींना त्या पाठीमागच्या उतारावर आडवं पडायला लावलं होतं. संध्याकाळी साडेसातच्या सुमारास नेपोलियनची खाशी फौज, इंपीरियल गार्ड, चढण चढून आली तेव्हा समोर रिकामं रान होतं. मग साठ पावलांच्या आत पिकातून ब्रिटिश शिपाई उठून उभे राहिले. पुस्तकात हे वाचलेलं असतं. पण ते कळतं पायांना, दरीतला चढ चढताना धाप लागते तेव्हा. आदल्या रात्रीच्या धुवाधार पावसाने सगळ्या रानात चिखल झाला होता आणि राय नावाचं पीक माणसाच्या उंचीचं होतं, एवढं वाटाड्याने सांगितलं की बाकीचं पाहणारा स्वतः रचतो.

वेलिंग्टन स्वतःही एकदा वाटाड्या झाला. १८२१ मध्ये इंग्लंडचा राजा चौथा जॉर्ज मैदान पाहायला आला आणि त्याला फिरवून दाखवायला खुद्द लढाई जिंकणारा सरदार. पाऊस पडत होता. वेलिंग्टन जागा दाखवत गेला, राजा गप्प. एक प्रश्न नाही, एक शब्द नाही. शेवटी वेलिंग्टनने त्याला एक बाग दाखवली. लढाईच्या अखेरीस घोडदळाचा सेनापती लॉर्ड अक्सब्रिज याचा पाय तोफेच्या माऱ्यात गेला, तो वॉटर्लू गावातल्या एका घरात कापला आणि तिथल्याच बागेत पुरला. घरमालकाने त्या पायावर समाधी बांधली होती आणि प्रवासी ती पाहायला येत. ती पाहताच राजाच्या डोळ्यांना धार लागली. हजारो मेलेल्यांपुढे कोरडे राहिलेले डोळे एका ओळखीच्या माणसाच्या पायापाशी भरून आले. पुढच्या प्रत्येक वाटाड्याने हे न शिकवता शिकून घेतलं: आकडे सांगून माणूस हलत नाही, त्याला एक दार, एक भिंत, एक पाय दाखवावा लागतो.

उगुमाँचं उत्तरेकडचं दार तसं आहे. फ्रेंच शिपाई ते फोडून आत घुसले होते. लेफ्टनंट कर्नल जेम्स मॅक्डोनेल आणि मूठभर ब्रिटिश गार्ड शिपायांनी अंगाच्या भाराने ते पुन्हा लोटून बंद केलं. वाड्याच्या आवारातलं छोटं चॅपल आगीत सापडलं आणि ज्वाळा लाकडी ख्रिस्ताच्या पायांपर्यंत येऊन थांबल्या. त्या मूर्तीचे जळके पाय पाहून दोनशे वर्षं लोक गप्प झाले आहेत. २०११ मध्ये ती मूर्ती चोरीला गेली, तीन वर्षांनी सापडली. बागेच्या भिंतीत बंदुकीसाठी पाडलेली भोकं अजून आहेत. वाकून त्यातून पाहिलं की दिसणारं जग एका वितीचं होतं, आणि शिपायाने दिवसभर तेवढंच पाहिलं होतं.

वाटाड्यांच्या धंद्याला शिस्त आली ती एडवर्ड कॉटनमुळे. कॉटन हा सातव्या हुसार घोडदळाचा शिपाई, स्वतः त्या लढाईत लढलेला. पुढे सार्जंट-मेजरपर्यंत चढला आणि १८३५ च्या सुमारास पुन्हा इथेच येऊन राहिला. रोज मैदानावर पाहुण्यांना फिरवायचा. दुसऱ्या जिवंत राहिलेल्यांना गाठून, पत्रं लिहून, दोन्ही बाजूंच्या हकिगती ताडून पाहायचा. सिंहाच्या टेकडीच्या पायथ्याशी त्याने हॉटेल काढलं, त्यात तलवारी, छातीची चिलखतं, पत्रं, बटणं यांचं संग्रहालय मांडलं आणि १८४६ मध्ये आपल्या नावाने पुस्तक छापलं. 'मी तिथे होतो' हे त्याला हक्काने म्हणता येत होतं, तरी तेवढ्यावर तो भागवत नसे. घोडदळातल्या एका शिपायाने लढाईचा किती तुकडा पाहिला असणार? बाकीचं त्याने विचारून जमवलं. १८४९ मध्ये तो वारला तेव्हा त्याला उगुमाँच्या आवारातच पुरलं. पुढे त्याची हाडं ब्रुसेल्सच्या एव्हेर दफनभूमीतल्या ब्रिटिश स्मारकात हलवली गेली. त्याचा संग्रह विसाव्या शतकाच्या सुरुवातीला विकला गेला आणि जगभर पांगला.

कॉटनचं काम अवघड केलं ते स्मारकानेच. लढाईत नेदरलँडच्या युवराजाला खांद्यात गोळी लागली होती. ती जागा चिन्हांकित करायला त्याच्या बापाने, राजा पहिला विल्यम याने, १८२० ते १८२६ या काळात चाळीस मीटरच्या वर उंचीची मातीची टेकडी रचवली. माथ्यावर अठ्ठावीस टनांचा बिडाचा सिंह. लिएजकडच्या बाया पाठीवरच्या टोपल्यांतून माती वाहत होत्या. २२६ पायऱ्या चढून गेलं की सगळं मैदान तळहातावर येतं. पण ती माती आणली कुठून? वेलिंग्टनच्या फौजेच्या मधोमध असलेला उंचवटा खरवडून. म्हणजे ज्या चढणीने लढाई ठरवली, तिचाच मोठा भाग आज टेकडीत भरलेला आहे. वेलिंग्टनने ते पाहून माझं रणांगण बिघडवलं असं म्हटल्याची आख्यायिका आहे. तेव्हापासून इथल्या वाटाड्याला टेकडीजवळ उभं राहून हवेत हात धरावा लागतो: जमीन इथपर्यंत होती.

पाहुण्यांनीही मैदान थोडंथोडं उचलून नेलं. वेलिंग्टनचं ठाणं ज्या एल्म झाडाखाली होतं, त्याची साल सोलून सोलून लोकांनी ते झाड मरणपंथाला लावलं. १८१८ मध्ये जॉन जॉर्ज चिल्ड्रन या इंग्रजाने ते विकत घेतलं आणि लाकडाची खुर्ची घडवून राजाला नजर केली. मराठी माणसाला हे वाचताना पानिपतचा काला आंब आठवल्याशिवाय राहत नाही. १४ जानेवारी १७६१ च्या त्या जागेवरचं आंब्याचं झाड वाळलं तेव्हा त्याच्या लाकडाचेही नक्षीदार दरवाजे करून जपले, असं सांगतात. युद्धाचा साक्षीदार म्हणून माणसं झाडाकडे का वळतात, हे दोन्हीकडे सारखंच समजतं. त्या रानात तेवढंच एक उभं असतं.

याहून कठीण गोष्ट हाडांची. लढाईनंतर वॉटर्लूच्या प्रेतांचे दात उपटून कवळ्या केल्या गेल्या, हे जुनंच माहीत होतं. पण हजारो सांगाडे गेले कुठे, हा प्रश्न उरत होता. ग्लासगोचे पुरातत्त्वज्ञ टोनी पोलार्ड यांनी आणि बेल्जियन-जर्मन अभ्यासकांनी २०२२ च्या सुमारास जुनी कागदपत्रं चाळून उत्तर मांडलं: बरीच हाडं उकरून विकली गेली, खतासाठी आणि पुढे बीटची साखर शुभ्र करायच्या कोळशासाठी. म्हणून इथे पूर्ण सांगाडा सापडणं दुर्मीळ. २०१२ मध्ये टेकडीजवळच्या खोदकामात एक सापडला, २०२२ मध्ये माँ-सँ-झाँ इथे, जिथे वेलिंग्टनच्या फौजेचं जखमींचं ठाणं होतं, आणखी एक. तिथल्या खड्ड्यात कापलेले पायही निघाले. खोदणाऱ्यांत आजच्या युद्धांत जायबंदी झालेले माजी सैनिक होते. वॉटर्लूवरची ही खोदाई त्यांना सोबत घेऊनच चालते.

ला ए सँतपाशी वाटाडे थांबतात तेव्हा हॅनोव्हरचा उल्लेख येतो. वेलिंग्टनच्या फौजेतल्या किंग्ज जर्मन लीजनच्या सुमारे चारशे जणांनी ते शेतघर दुपारभर लढवलं, काडतुसं संपली आणि चाळीस-बेचाळीस जण कसेबसे बाहेर पडले. हे लोक मुख्यतः हॅनोव्हरकडचे. आता बारा वर्षं मागे जाऊ. २३ सप्टेंबर १८०३, जालना जिल्ह्यात भोकरदनजवळचं असई. तिथे दौलतराव शिंद्यांच्या कवायती कंपूंचा म्होरक्या होता अँथनी पोहलमान, तोही हॅनोव्हरचा. आणि त्याच्यासमोर चौतीस वर्षांचा आर्थर वेलस्ली, पुढचा ड्यूक ऑफ वेलिंग्टन.

असईची लढाईही वाटाड्यांपाशीच सुरू होते. शिंदे आणि नागपूरकर भोसले यांची फौज केळणा नदीच्या पलीकडे, केळणा आणि जुई यांच्या बेचक्यात पसरली होती. वेलस्लीकडे सगळे मिळून दहा हजारांच्या आत माणसं, त्यातले निम्म्याच्या आसपास म्हैसूरचे आणि पेशव्यांचे स्वार. समोर एकट्या कवायती पायदळाचीच संख्या दहा हजारांच्या वर, शंभराच्या घरात तोफा आणि अफाट घोडदळ. बाजूने वळसा घालायचा तर नदी ओलांडायला हवी. त्याच्या वाटाड्यांनी सांगितलं, पुढे उतार नाही. वेलस्लीने दुर्बीण लावली. त्याला नदीच्या दोन काठांवर समोरासमोर दोन गावं दिसली, पिंपळगाव आणि वरुड. एवढ्या जवळची दोन गावं, आणि मधून येण्याजाण्याची वाट नाही? त्याने शोध घ्यायला माणूस पाठवला. उतार निघाला. पाण्यातून फौज नेताना तोफेचा गोळा आला आणि त्याच्या शेजारच्या स्वाराचं डोकं उडालं.

पुढचे काही तास त्याला जन्मभर पुरले. असई गावाच्या तटाखाली ७४ वी स्कॉटिश पलटण तोफांनी अक्षरशः भाजून काढली. पायदळ तोफांवरून पुढे गेलं तेव्हा मराठ्यांचे काही गोलंदाज मेल्यासारखे पडून राहिले. पलटणी पुढे सरकताच ते उठले, तोफा फिरवल्या आणि पाठीत मारा सुरू केला. त्या तोफा परत घेताना वेलस्लीच्या घोड्याला भाला लागला. ब्रिटिशांकडचे मेलेले, जखमी आणि बेपत्ता मिळून १,५८४. अनेक वर्षांनी, वॉटर्लू जिंकून झाल्यावर, त्याला कुणी विचारलं की तुमची सर्वांत उत्तम लढाई कोणती. तो म्हणाला, असई. त्यापुढे काही बोलला नाही.

७४ व्या पलटणीला या लढाईच्या आठवणीचा हत्ती बिल्ल्यावर मिळाला. त्या गोलंदाजांची नावं कुठे लिहिलेली नाहीत. वॉटर्लूला एका खानावळवाल्याचं आणि एका सार्जंटचं नाव टिकलं, कारण ते दर पाहुण्याला सांगत राहिले. असईला तसा कॉटन कुणी झाला नाही. आणि दुःख याचं की असईची कथा सांगायला आपल्याकडे वाटही सोपी आहे. वेरूळ-अजिंठ्याला रोज माणसं येतात. त्यांतल्या एखाद्याला एक दिवस वळवून भोकरदनच्या बाजूला नेता येईल. आधी पिंपळगाव आणि वरुड यांच्यामधल्या नदीकाठी उभं करून विचारावं, इथे उतार असेल की नसेल? मग दोन नद्यांमधल्या रानातून चालत असई गाव, जिथून तोफा चालल्या. मग दुपारी अजिंठा.

अजिंठा शेवटी, कारण जखमी तिथे नेले होते. वेलस्लीला त्यांना दौलताबादला ठेवायचं होतं, पण निजामाच्या किल्लेदाराने आत घेतलं नाही. कर्नल स्टीव्हन्सन आपली फौज घेऊन उशिरा पोचला, त्याच्यासोबतचे शल्यवैद्य आधी जखमींमागे लागले, आणि त्यामुळे शिंद्यांच्या माघार घेणाऱ्या फौजेचा पाठलागही दोन दिवस थांबला. मग अजिंठा गावात रुग्णालय उभं राहिलं. लेण्यांतली चित्रं इंग्रजांच्या नजरेला पडायला अजून सोळा वर्षं होती.